नगरचे बंदर अजून नांदते आहे

अहमदनगरला एकेकाळी बंदर होते. सीनेच्या काठी, समुद्रापासून दूर, घाटमाथ्याच्याही पलीकडे वसलेल्या या शहराला कसले आले बंदर, असे कुणालाही वाटेल. पण निजामशाहीचे राज्य सह्याद्रीला थांबत नव्हते. ते कोकणात उतरत होते, आणि त्या कोकणपट्टीतले सर्वांत नावाजलेले बंदर होते चौल. इराणच्या आखातातून आलेले घोडे तिथे उतरत आणि घाट चढून जुन्नरमार्गे नगरला येत. चौलच्या कुशीत, कुंडलिकेच्या मुखावर, पोर्तुगीजांनी नगरच्याच निजामशहाच्या परवानगीने एक कोट बांधला. तो कोट म्हणजे आजचे रेवदंडा.

नगरच्या इतिहासात चांदबीबी येते, मलिक अंबर येतो, भुईकोट किल्ल्यातला नेहरूंचा तुरुंगवास येतो. चौल येत नाही. शाळेतला इतिहास घाटाच्या अलीकडेच थांबतो आणि समुद्राशी असलेले नगरचे नाते ओळखपाळख नसल्यासारखे सुटून जाते. हे नाते पुन्हा जोडायला हवे. कारण जुन्या वैभवाच्या आठवणीपुरते ते उरलेले नाही. त्या कोटात आजही संसार चालू आहेत. माणसे तटाच्या आत राहतात, पोफळीला पाणी देतात, बाजार करतात. खाडीपलीकडच्या कोर्लईत तर वसाहतीच्या काळात जन्मलेली एक बोली घराघरात ऐकू येते. जपायचे ते या नांदत्या गावाला, आणि त्यात नगरनेही आपला वाटा उचलायला हवा.

अलिबागहून दक्षिणेला निघाले की आक्षी, नागाव, चौल अशी एकाला एक लागून गावे येतात. हा अष्टागराचा पट्टा. दोन्ही बाजूंना नारळी-पोफळीच्या वाड्या, मधून अरुंद डांबरी रस्ता. चौल संपून रेवदंडा कधी लागले ते कळत नाही. कळते ते एवढेच, की रस्त्याच्या दोन्ही अंगांना एकदम काळ्या दगडाची जाड तटबंदी उभी राहते. मुरुडकडे जाणारी एसटी या तटातूनच आत शिरते आणि गाव ओलांडून पुढे साळावच्या पुलाकडे जाते. आत दुकाने आहेत, शाळा आहे, देवळे आहेत, मशीद आहे, बेने इस्रायल समाजाचे सिनेगॉग आहे. वाड्यांच्या आत शिरले तर चर्चच्या भिंती, मठांच्या कमानी, तोफा सापडतात. या सगळ्यांतून मान वर काढून उभा असलेला उंच मनोरा म्हणजे सेंट बार्बाराच्या नावाचा, फ्रान्सिस्कन साधूंच्या मठाचा. गावकरी त्याला सातखणी म्हणतात. त्याचे वरचे मजले कधीच ढासळले. बाकीचे उभे आहेत, आणि त्यांच्या पायाशी पोफळीचे आळे आहे.

पोफळीच्या वाडीत क्षणभर थांबून पाहण्यासारखे पुष्कळ असते. झाडे सरळ आणि इतकी दाट, की भर दुपारी आत हिरवट अंधार. पाण्याचे पाट प्रत्येक बुंध्यापाशी वळलेले. या भागात विहिरीवर रहाट असत. आता बहुतेक ठिकाणी पंप आहेत. पाट मात्र तसेच, हाताने उकरून काढलेले. गळालेला झाप फुकट जात नाही. सोललेली सुपारी अंगणात उन्हाला पडलेली असते. १५८३ मध्ये राल्फ फिच हा इंग्रज व्यापारी चौलला उतरला, तेव्हा त्यालाही सर्वांत नवल वाटले ते नारळाच्या झाडाचे. जहाजे, शिडे, दोर, तेल, दारू, साखर हे सारे या एकाच झाडापासून इथले लोक करतात, असे त्याने लिहून ठेवले. वाडीतला माणूस आजही झापाने कुंपण विणतो, हिराची केरसुणी बांधतो आणि करवंटी चुलीत घालतो. फिचने पाहिलेले चौल कुठे शिल्लक आहे असे कुणी विचारले, तर त्याला मनोऱ्याच्या आधी वाडी दाखवावी लागेल.

चौलचे वय पोर्तुगीजांपेक्षा कितीतरी मोठे आहे. ग्रीक-रोमन लेखकांना हे बंदर ठाऊक होते. दहाव्या शतकात अरब प्रवासी अल मसुदी इथे येऊन गेला. १४७० च्या आसपास रशियातल्या त्वेर गावचा व्यापारी अफानासी निकितिन एक घोडा घेऊन चौलला उतरला, आणि तो विकायचा म्हणून घाट चढून जुन्नरला पोहोचला. तिथे त्याला पावसाने गाठले. चार महिने रात्रंदिवस पाणी आणि चिखल, असे त्याने या मुलखाचे वर्णन केले आहे. रेवदंड्यात त्याचे स्मारक आहे. निकितिन ज्या जुन्नरला अडकला, तिथूनच पुढे वीस वर्षांत मलिक अहमदने बहामनी सत्तेपासून फारकत घेतली आणि पुढे भिंगारजवळ आपले नवे शहर वसवायला घेतले. चौल, जुन्नर आणि नगर ही एकाच वाटेवरची ठाणी होती. नगर वसले तेव्हा त्याचे बंदर आधीच तयार होते.

त्या बंदरावर पोर्तुगीजांची नजर पडायला वेळ लागला नाही. मार्च १५०८ मध्ये चौलच्या खाडीत इजिप्तच्या मामलुकांचे आरमार आणि दीवच्या मलिक अयाजची गलबते यांनी मिळून पोर्तुगीजांना गाठले. त्या लढाईत पोर्तुगीज व्हाइसरॉयचा मुलगा लोरेन्सो द आल्मेदा मारला गेला. हार खाऊनही ते परत आले. आधी वखार घातली आणि १५२१ मध्ये बुऱ्हाण निजामशहाकडून कोट बांधायची परवानगी मिळवली. बुऱ्हाणला घोडे हवे होते. होर्मुझ पोर्तुगीजांच्या हाती होते, म्हणजे घोड्यांचा नळ त्यांच्या मुठीत होता. घोड्यांच्या बदल्यात त्याने खाडीचे तोंड त्यांना देऊन टाकले. बांधकाम चालू असताना मलिक अयाजच्या आरमाराने पुन्हा हल्ला चढवला, तरी १५२४ पर्यंत कोट उभा राहिला.

नगरच्या दरबाराने हा सौदा का केला, हे समजून घेण्यासारखे आहे. दख्खनच्या पाच शाह्या एकमेकींच्या छाताडावर बसलेल्या. फौज घोड्यावर चाले, आणि दख्खनच्या हवेत घोड्यांची चांगली पैदास होत नसे. दरवर्षी समुद्रावरून नवे घोडे आले नाहीत तर पुढच्या मोहिमेत हार ठरलेली. त्यामुळे ज्याच्या हाती समुद्र, त्याला दरवाजा उघडून द्यावा लागे. एका बाजूची गरज आणि दुसऱ्या बाजूची ताकद यांतून रेवदंडा जन्मले. पुढची दोनशे वर्षे त्याचे रोजचे जगणेही या दोहोंच्या मधोमध गेले.

हे जगणे कसे होते? गोव्याहून नेमलेला कप्तान तीन वर्षांसाठी येई. एवढ्या अवधीत त्याला कारभार करायचा, गड सांभाळायचा आणि आपली तुंबडीही भरायची असे. समुद्रात जहाज सोडायचे तर पोर्तुगीजांचा परवाना घ्यावा लागे. नसला तर जहाज मालासकट जप्त. शिपाई होते, लग्न करून स्थायिक झालेले पोर्तुगीज होते, फ्रान्सिस्कन, डॉमिनिकन, जेझुइट आणि ऑगस्टिनियन अशा चारही पंथांचे पाद्री होते, धर्मादाय संस्था होती. पण पोर्तुगालहून येणाऱ्या बायका अगदी मोजक्या. त्यामुळे घरातली स्त्री बहुधा इथलीच, बाप्तिस्मा घेतलेली. नोकरचाकर इथले. कित्येक घरांत विकत घेतलेले गुलामही असत, कुणी आफ्रिकेतून आणलेले, कुणी हिंदुस्थानातलेच. गावावर अंमल पोर्तुगीजांचा. चूल आणि पाळणा मात्र बहुतेक ठिकाणी इथल्याच बाईच्या हाती.

पावसाळ्यात बंदर बंद. जूनपासून समुद्र खवळला की ना जहाज येई ना निघे. गोव्याची खबर थांबे, पगार थांबे, नवा माल थांबे. मग तटाच्या आतल्या माणसांना पोटासाठी तटाबाहेर पाहावे लागे, आणि तटाबाहेर होते निजामशाही चौल, हाकेच्या अंतरावर. त्या चौलमध्ये नगरचा अंमलदार बसे. तिथे मशिदी होत्या, हमाम होता. तो हमामखाना आजही चौलला पाहायला मिळतो. धान्य, भाजी, मजूर, सुतार, विणकर हे सारे तिकडून कोटात येत. फिचने या दोन गावांची नोंद केली आहे, एक पोर्तुगीजांचे आणि एक मुसलमानांचे, आणि मसाले, रेशीम, चंदन, हस्तिदंत, चिनी मालाच्या मोठ्या व्यापाराचीही. चौलचे रेशीम नावाजलेले होते. कच्चे रेशीम चीनमधून येई आणि विणले जाई चौलच्या मागांवर. राजे भांडत तेव्हा ही दोन गावे शत्रू होत. भांडण मिटले की सकाळच्या बाजारात पुन्हा समोरासमोर बसत.

याच येण्याजाण्यात गार्सिया द ओर्टा हा पोर्तुगीज वैद्य नगरपर्यंत पोहोचला. तो बुऱ्हाण निजामशहाचा वैद्य होता आणि मित्रही. आपण निजामशहाला रोगांची लॅटिन नावे शिकवली आणि निजामशहाने आपल्याला अरबी, असे त्याने स्वतः लिहिले आहे. हिंदुस्थानातल्या औषधी वनस्पतींवरचा त्याचा ग्रंथ १५६३ मध्ये गोव्यात छापला गेला, आणि युरोपला आपल्याकडच्या कितीतरी औषधींची नीट ओळख त्यातून झाली. नगरच्या दरबारातल्या गप्पा त्या पानांत आहेत. ओर्टा मूळचा ज्यू घराण्यातला. तो वारल्यावर गोव्याच्या धर्मन्यायालयाने, म्हणजे इन्क्विझिशनने, त्याच्या बहिणीला जिवंत जाळले आणि १५८० मध्ये त्याची हाडे उकरून काढून तीही जाळली. वसाहतीच्या गोष्टी सांगताना हे गाळून चालणार नाही. पोर्तुगीज सत्ता कोकणातल्या माणसांवर किती निर्दयपणे चालली, हे वसईपासून गोव्यापर्यंतच्या लोकांच्या आठवणीत आहे. रेवदंड्याचा तट गौरवाने मिरवावा असा नाही. पण तो ज्यांच्या घामाने उभा राहिला आणि ज्यांनी त्याच्या आत दिवस काढले, त्यांची आठवण पुसणे हा त्यांच्यावरच दुसऱ्यांदा होणारा अन्याय ठरेल.

नगर आणि रेवदंडा यांची सर्वांत मोठी टक्कर झाली १५७० च्या अखेरीस. विजयनगरचा पाडाव होऊन पाच वर्षे झाली होती. विजापूरचा अली आदिलशहा गोव्यावर चालून गेला, कालिकतच्या झामोरिनने चालियमच्या कोटाकडे मोर्चा वळवला आणि मुर्तझा निजामशहाने चौलला वेढा घातला. पोर्तुगीजांना एकाच वेळी सगळीकडून घेरण्याचा हा बेत होता. तेव्हा सगळे गाव तटाच्या आत आलेले नव्हते. मठ, चर्च आणि साधी राहती घरे यांचेच मोर्चे झाले. एकेक घर घेण्यासाठी दिवसचे दिवस लढाई चाले. घेतलेले घर रात्री पुन्हा हातचे जाई. तोफांच्या माऱ्याखाली त्या माणसांनी सहा महिन्यांहून जास्त काळ काढला. रोज कुठे पाणी भरले असेल, कुठे शिजवले असेल, कुठे मुलांना निजवले असेल, याच्या नोंदी बखरकारांनी ठेवल्या नाहीत. कप्तानांची आणि सरदारांची नावे मात्र सगळी आहेत.

वेढा का फसला, याचे उत्तर फिरिश्ता देतो. हा इतिहासकार लहानपणी नगरला आला, इथेच वाढला आणि मुर्तझाच्या चाकरीत होता, म्हणून त्याचे म्हणणे महत्त्वाचे. निजामशाही सरदारांना पोर्तुगीजांनी भेटी पाठवून फितवले, भेटींत दारूही होती, आणि हेच सरदार रात्री वेढलेल्या गावात रसद पोहोचवू देत, असे तो सांगतो. १५७१ मध्ये तह झाला. नगरची फौज घाट चढून परत गेली आणि व्यापार पुन्हा सुरू झाला.

दुसऱ्यांदा नगरने वेगळा डाव टाकला. कुंडलिकेच्या दक्षिण काठावर, रेवदंड्याच्या अगदी समोर, एक लांबट डोंगर थेट समुद्रात शिरलेला आहे. तो कोर्लई. दुसऱ्या बुऱ्हाण निजामशहाने त्याच्यावर गड उभारायला घेतला, म्हणजे रेवदंड्यात ये-जा करणारे प्रत्येक गलबत तोफेच्या टप्प्यात येईल. सप्टेंबर १५९४ मध्ये पोर्तुगीजांनी हा गड जिंकून घेतला. पुढच्या सहा वर्षांत नगरच मोगलांच्या हाती पडले. कोर्लईचा कणा धरून लांबत गेलेली तटबंदी, एकामागून एक लागणारे दरवाजे, पाण्याचे टाके, चर्चचे अवशेष आणि गंजलेल्या तोफा आज वर चढून पाहता येतात. तिथे उभा राहणारा नगरचा माणूस नगरच्या राजाने निवडलेल्या जागेवर उभा असतो. हे सांगणारा एखादा फलक तिथे असायला हवा.

१६८३ मध्ये संभाजी महाराजांच्या फौजांनी चौल-रेवदंड्याला वेढा दिला, पण तो साधला नाही. पुढे चिमाजी अप्पांनी वसई घेतली आणि १७४० मध्ये तहाने चौल व कोर्लई मराठ्यांकडे आले. कोर्लईवरच्या बुरुजांची नावे बदलली, सान फ्रान्सिस्कोचा गणेश बुरूज झाला. बंदराचा जीव तोवर निघून गेला होता. आधी सुरत आणि मग मुंबई पुढे आली, खाडी गाळाने भरत गेली, आणि चौलचे रेशीम विणकर सतराव्या शतकाच्या उत्तरार्धातच इंग्रजांच्या मुंबईला जाऊ लागले होते.

सत्ता गेली तेव्हा ज्यांची ऐपत होती ते गोव्याला निघून गेले. ज्यांना जायला जागा नव्हती ते मागे राहिले. कोर्लईच्या पायथ्याशी, माउंट कार्मेल मातेच्या चर्चभोवती, ख्रिस्ती कुटुंबांची वस्ती टिकली. भात, भाजीपाला, मोलमजुरी हीच त्यांची उपजीविका. बाजाराला रेवदंडा, कोर्टकचेरीला अलिबाग-मुरुड. आजूबाजूच्या हिंदू आणि मुसलमान समाजांशी व्यवहार रोजचा. रोटी-बेटी मात्र नाही. याच अलगपणामुळे घरातली बोली टिकली. पोर्तुगीज शब्द आणि मराठी वाक्यरचना यांतून घडलेली ही भाषा, जिला ते आपली भाषा या अर्थाने नौ लिंग म्हणतात, हजाराच्या आसपास माणसे बोलतात. क्लॅन्सी क्लेमेंट्स या अमेरिकी भाषाशास्त्रज्ञाने तिच्यावर वर्षानुवर्षे काम करून १९९६ मध्ये पुस्तक लिहिले. जगभरच्या भाषाशास्त्राच्या वर्गांत कोर्लईचे नाव घेतले जाते. महाराष्ट्रातल्या किती वर्गांत घेतले जाते?

ही माणसे कुणी परकी नाहीत. नगरला हे वेगळे सांगायची गरज पडू नये. १८३१ पासून अमेरिकन मराठी मिशन नगरला आहे, 'ज्ञानोदय' १८४२ मध्ये इथेच सुरू झाले, नारायण वामन टिळक आणि लक्ष्मीबाई टिळक यांच्या आयुष्याचा मोठा भाग याच शहरात गेला. मराठी घडवणाऱ्यांत ख्रिस्ती घरे आहेत, हे नगरने जवळून पाहिले आहे. कोर्लईची मुलेही मराठी शाळेत शिकतात, चर्चमधली प्रार्थना आता मराठीत होते. शेजारी मराठी आणि घरी नौ लिंग, असा हा दुहेरी संसार पावणेतीनशे वर्षांहून जास्त काळ निभावलेला आहे. पण आता मुले शिकून मुंबईला जातात, लग्ने बाहेर होतात. कोचीजवळ वायपिनला अशीच एक पोर्तुगीज बोली होती. तिचा शेवटचा भाषिक २०१० मध्ये वारला. कोर्लईत अजून मुले ती बोलतात. म्हणजे काही करायचे असेल तर वेळ आत्ता आहे.

मुंबईहून हा किनारा फार जवळ आला आहे. २०२० पासून भाऊच्या धक्क्याहून मांडव्याला गाडीसकट रो-रो बोट येते. जानेवारी २०२४ मध्ये अटल सेतू सुरू झाला. रेवस ते रेड्डी सागरी महामार्ग होऊ घातला आहे. त्यामुळे वाड्यांच्या जमिनीला येणारे भाव सुपारीला कधीच येणार नाहीत. त्यात ३ जून २०२० च्या निसर्ग वादळाने रायगडच्या किनाऱ्यावर पोफळी आणि नारळ अक्षरशः झोपवले. पोफळ लावली तर फळ धरायला पाच-सहा वर्षे जातात. इतकी वर्षे घर चालवायचे कशावर? वाडीच्या मालकाने जागा विकून टाकली तर त्याला दोष देण्याचा अधिकार कुणालाच नाही.

दुसरीकडे कायदा आहे. संरक्षित स्मारकापासून १०० मीटरपर्यंत नवे बांधकाम नाही आणि त्यापुढे २०० मीटर परवानगीशिवाय नाही, असे २०१० च्या दुरुस्तीने ठरले. एकट्या उभ्या असलेल्या लेण्याला किंवा मंदिराला हा नियम शोभतो. पण गावच तटाच्या आत असेल तर? गळके छप्पर बदलायचे, वाढत्या कुटुंबासाठी एक खोली काढायची, संडास बांधायचा, तरी अर्ज आणि वाट पाहणे. ज्याच्याकडे पैसा आणि ओळख आहे तो वाट काढतो. ज्याच्याकडे दोन्ही नाही तो एक तर गप्प बसतो किंवा गाव सोडतो. राहत्या माणसाला स्मारकाचा शत्रू ठरवणारी व्यवस्था शेवटी स्मारकही राखू शकत नाही, कारण तटावर उगवलेला पिंपळ पहिल्यांदा दिसतो तो त्या तटाला लागून राहणाऱ्यालाच.

श्रीलंकेतल्या गॉलचे उदाहरण इथे उपयोगी आहे. पोर्तुगीजांनी सुरू केलेला आणि डचांनी वाढवलेला हा कोट १९८८ मध्ये जागतिक वारसा ठरला. तिथेही लोक आत राहतात. मशीद, चर्च, शाळा, न्यायालय सारे तटाच्या आत. राहत्या गावासकट कोट जपता येतो, हे गॉलने दाखवले. पण नंतर घरे एकेक करून हॉटेलांना आणि परदेशी खरेदीदारांना विकली गेली आणि मूळ रहिवासी कमी होत गेले. दगड चकाचक झाले आणि शेजार विरळ झाला. रेवदंड्याने यातला पहिला भाग घ्यावा, दुसरा टाळावा. त्यासाठी घरदुरुस्तीच्या परवानग्या तालुक्याच्या पातळीवर आणि ठरलेल्या मुदतीत मिळायला हव्यात. दगड-चुन्यातली दुरुस्ती करणाऱ्याला अनुदान हवे. आणि वाडी हा वारशाचाच भाग मानून नव्या लागवडीला फळ धरेपर्यंत हात मिळायला हवा. जुलै २०२५ मध्ये मराठ्यांचे बारा किल्ले जागतिक वारसा यादीत गेले. त्यांतला खांदेरी तर याच अलिबाग तालुक्यात आहे. त्यानिमित्ताने पैसा आणि तज्ज्ञ या किनाऱ्यावर येणारच असतील, तर त्यांनी दोन पावले पुढे रेवदंड्यापर्यंत यावे.

कोर्लईची बोली बाहेरच्या कुणी जपायची नाही. ती तिथल्या लोकांचीच आहे. पण जिल्हा परिषदेच्या शाळेत, अंगणवाडीत तिच्यातल्या गोष्टी आणि गाणी ऐकू आली, म्हाताऱ्याकोताऱ्यांचे बोलणे गावातल्याच तरुणांनी मोबाइलवर ध्वनिमुद्रित केले आणि ते विद्यापीठाच्या मराठी विभागांनी नीट साठवले, तर खर्च फारसा नाही. यासाठी गावाने हो म्हणायला हवे आणि सरकारने विचारायला हवे.

आणि नगर? नगरच्या ऐतिहासिक वस्तुसंग्रहालयात चौलचा एक कोपरा असावा: घोड्यांच्या वाटेचा नकाशा, ओर्टाच्या ग्रंथातली निजामशहाच्या दरबाराची पाने, १५७०-७१ चा वेढा, कोर्लईचा गड. शिवाय नगरच्या, म्हणजे आताच्या अहिल्यानगर जिल्ह्यातल्या शाळांची सहल दरवर्षी कुठे ना कुठे निघतेच, आणि एसटी शालेय सहलींना सवलतीत गाडी देते. एका मुक्कामाची सहल आखता येईल. पहिल्या दिवशी आळेफाट्यावरून जुन्नर आणि शिवनेरी पाहून रात्री अलिबाग. दुसऱ्या दिवशी चौलचा हमामखाना, रेवदंड्याचा कोट, निकितिनचे स्मारक, सातखणी, मग साळावच्या पुलावरून कोर्लई. गड चढून झाल्यावर खालच्या वस्तीत, आधी विचारून, एखाद्या आजीशी मुलांनी गप्पा माराव्यात आणि वाडीच्या मालकाकडून पोफळीचे गणित समजून घ्यावे. डिसेंबरच्या सहलींची आखणी दिवाळीआधी होते. नगर, पारनेर, श्रीगोंद्यातल्या चार-दोन शाळांनी यंदाच्या यादीत हा मार्ग घालून पाहावा.